हळूहळू होणारा बदल शूट कसा करायचा

माझ्या पहिल्या डॉक्युमेंटरीचा किस्सा आधी सांगते, म्हणजे पुढचं सगळं का लिहितेय ते कळेल. समुद्र आत येतोय, किनारा खचतोय, लोकांना घरं मागे हलवावी लागतायत असा विषय होता, आणि मी मोठ्या उत्साहात चार दिवस किनाऱ्यावर कॅमेरा लावून बसले. समुद्र काही आत येताना दिसला नाही. लाटा आल्या, लाटा गेल्या. घरी येऊन फुटेज बघितलं तर कुणाच्यातरी सुट्टीच्या व्हिडिओसारखं छान दिसत होतं, आणि बदल म्हणून दाखवायला माझ्याकडे होतं फक्त "पूर्वी असं नव्हतं" हे एक वाक्य, अकरा जणांच्या तोंडून.

कॅमेऱ्याला आत्ताचं दिसतं. बदल झालेला असतो कधीतरी मधल्या काळात, जेव्हा तिथे कोणाचाच कॅमेरा नव्हता. म्हणून पर्यावरण आणि त्याच्यासोबत बदलणारी माणसं यावर फिल्म करायची असेल तर एका फेरीत ती होत नाही, परत जावं लागतं, आणि पहिल्या दिवसापासून परत यायचंय या हिशोबानेच काम करावं लागतं. खाली जे लिहिलंय ते बहुतेक याच एका गोष्टीबद्दल आहे. कॅमेरा कुठला घ्यायचा हे विचारणारे भरपूर भेटतात, त्यांना एवढंच सांगेन की जो आहे तो घ्या आणि उरलेले पैसे प्रवासाला ठेवा.

विषय राहू दे, जागा ठरवा

हवामानबदल, विस्थापन, पाणीटंचाई हे सगळे विषय झाले. फिल्म होते ती एका धक्क्याची, एका विहिरीची, नदीच्या एका वळणाची, आणि त्या जागेत ज्यांचं रोजचं काम अडकलंय अशा दोन-तीन माणसांची. जागा निवडताना माझी पहिली कसोटी अगदी व्यवहारी आहे: इथे पुढची दोन-तीन वर्षं, वर्षातून चार-पाच वेळा, कोणी पैसे दिले नाहीत तरी मला येता येईल का? नसेल येता तर जागा कितीही भारी असली तरी सोडून द्या, दुसऱ्या कोणाला तरी करू दे.

दुसरं, डोळ्याने मोजता येईल असं काहीतरी तिथे पाहिजे. घाटाच्या पायऱ्या, पुलाचा खांब, कुंपणाचे डांब, एखादी भिंत. पाणी, वाळू, बर्फ, जंगल यांना स्वतःला काही माप नसतं, बघणाऱ्याला तुलना करायला काहीतरी स्थिर लागतं. आणि तिसरं म्हणजे तिथे काहीतरी अजून ठरायचं बाकी असावं. एखादं कुटुंब जायचं की राहायचं यावर भांडतंय, एखाद्या प्रकल्पाची परवानगी अडकलीय, शाळेत आता सहाच मुलं उरलीत आणि ती चालू ठेवायची की नाही याची मीटिंग व्हायचीय. सगळं होऊन गेलेलं असेल तर शूट करायला आठवणी सोडून काही राहत नाही, आणि आठवणींवर दीड तास ओढणं फार अवघड.

जागा पक्की झाली की एका कागदावर तीन प्रश्न लिहा: इथे कोणाचं काय बदललं, ते कोणी ठरवलं, आणि बदल्यात कोणाला काय मिळालं. तिसरा प्रश्न लोक विसरतात. बदलातून फायदा झालेला माणूस तुमच्या फिल्ममध्ये नसेल तर तुमच्याकडे गोष्टीचा अर्धाच भाग आहे, आणि तो फायदा झालेला माणूस दर वेळी कोणी बडा कंपनीवाला नसतो, खूपदा तो शेजारीच असतो, ज्याला नवीन रस्त्यामुळे नोकरी लागली.

आधी काय होतं ते कुठून आणायचं

डॅनियल पॉली नावाचे मासेमारीचे अभ्यासक आहेत, त्यांनी १९९५ मध्ये एक साधी गोष्ट मांडली: प्रत्येक पिढी आपण काम सुरू केलं तेव्हा जे होतं त्यालाच नॉर्मल धरते. आजोबांना समुद्र अर्धा रिकामा झालेला दिसतो, नातवाला तोच भरलेला वाटतो, आणि दोघंही खोटं बोलत नसतात. तुम्ही नातवाची मुलाखत घेऊन "काही बदललं नाही" असं फुटेज घेऊन याल, आजोबांची घेतलीत तर थोडं रंगवलेलं ऐकून याल. म्हणून दोन्ही बोलणी लागतातच, पण त्यांच्यासोबत पुरावा लागतो.

पुरावा कसा असू शकतो याचं माझं सगळ्यात आवडतं उदाहरण फ्लोरिडातल्या की वेस्टचं आहे. तिथे पर्यटकांना बोटीतून मासे पकडायला नेतात आणि धक्क्यावर परत आल्यावर सगळे मासे एका फळीवर टांगून त्याच्यासमोर फोटो काढतात. लॉरेन मॅकक्लेनाकन या अभ्यासक, त्यांनी १९५६ ते २००७ या काळातले असे फोटो शोधून त्यातले मासे मोजले, आणि टांगलेल्या माशाचं सरासरी वजन जवळपास २० किलोवरून सुमारे २.३ किलोवर आलेलं निघालं. सफरीचा दर मात्र महागाई धरली तर साधारण तेवढाच राहिला होता, आणि फोटोतली माणसं सगळ्या दशकांत सारखीच खुशीत हसतायत! तीच फळी, तेच हसू, मासे तेवढे आखडलेले. हे फोटो कोणी अभ्यासासाठी काढले नव्हते.

असे फोटो प्रत्येक जागी असतात, शोधायचं कुठे ते कळलं पाहिजे. लोकांना "जुने नदीचे फोटो आहेत का" असं विचारलं की ते नाही म्हणतात. लग्नाचे, वाढदिवसाचे, नवीन गाडी घेतली तेव्हाचे अल्बम मागा आणि माणसांच्या मागे काय दिसतंय ते बघा. शाळेचे वर्गाचे फोटो, बंदरातल्या नोंदवह्या, दवाखान्याच्या वह्या, एखाद्या निवृत्त शिक्षकाने वर्षानुवर्षं लिहिलेली पावसाची डायरी, हे सगळं सोनं आहे. फोटो घरून घेऊन जाऊ नका, कितीही प्रेमाने दिले तरी. तिथेच टेबलावर ठेवून दोन्ही बाजूंनी तिरका प्रकाश टाकून कॅमेऱ्याने कॉपी करा, मागे काही लिहिलं असेल तर मागची बाजूही काढा, आणि मालक सांगतोय की हा कोण, कुठे, कोणत्या वर्षी, ते तेव्हाच रेकॉर्ड करा. वापरायची परवानगी त्याच बैठकीत लिहून घ्या, दोन वर्षांनी तो माणूस सापडेलच असं नाही.

उपग्रहाची चित्रंही बघा. लँडसॅट मालिकेचा पहिला उपग्रह १९७२ चा आहे आणि २००८ पासून तो सगळा साठा फुकट मिळतो. फक्त त्यातला एक ठिपका जमिनीवरचे साधारण ३० मीटर दाखवतो (अगदी सुरुवातीचे उपग्रह त्याहून जाड), त्यामुळे एखादं घर शोधायला जाऊ नका, किनारा, जंगल, तलाव, शहराचा पसारा एवढं छान दिसतं. आणि तुलना करताना महिना सारखाच घ्या. उन्हाळ्यातला तलाव आणि पावसानंतरचा तलाव शेजारी शेजारी लावून बदल दाखवणारे व्हिडिओ मी इतके बघितलेत की आता हसू येतं. तसंच ओहोटीचा फोटो "आधी" आणि भरतीचा फोटो "नंतर", ही सरळ फसवणूक झाली, मग भले तुमचा मुद्दा खरा का असेना. एकाने पकडलं की सगळी फिल्म गेली.

एकच खलनायक शोधू नका

अमेरिकेत लुइझियानाच्या किनाऱ्याजवळ आइल द जाँ शार्ल नावाचं बेट आहे, चोक्टॉ वंशाच्या मूळनिवासी लोकांची वस्ती. १९५५ पासून त्याची जवळपास ९८ टक्के जमीन पाण्यात गेली. बातम्यांमध्ये मथळा ठरलेला, समुद्राची पातळी वाढली आणि हवामानबदलाचे पहिले निर्वासित तयार झाले. पण खोलात गेलं की दिसतं, मिसिसिपी नदीला बांध घातल्यामुळे जमीन भरून काढणारा गाळ यायचा थांबला, तेल-वायूसाठी खोदलेल्या कालव्यांतून खारं पाणी आत शिरलं, जमीन मुळातच खचत होती, वरून वादळं, आणि त्या सगळ्यावर वाढता समुद्र. २०१६ मध्ये पुनर्वसनासाठी ४.८ कोटी डॉलर जाहीर झाले, २०२२ मध्ये लोक नव्या वस्तीत राहायला गेले, पण मूळ योजना जमातीची की सरकारची यावरून मधे बरीच खडाखडी झाली. सांगा, यातली फिल्म कुठली? माझ्या मते बांध, कालवे आणि पुनर्वसनाच्या मीटिंगा. समुद्र सगळ्यात फोटोजेनिक आहे म्हणून तोच आरोपी होतो, एवढंच.

याच्या उलटी चूकही होते. अरल समुद्र सगळ्यांना माहीत आहे, एकेकाळी जगातलं चौथ्या क्रमांकाचं मोठं सरोवर, १९६० नंतर अमू दर्या आणि सिर दर्या या नद्यांचं पाणी कापसाकडे वळवलं आणि ते आटत गेलं. उझबेकिस्तानातल्या मुइनाकला वाळूत गंजत उभ्या असलेल्या बोटी आहेत आणि जो कॅमेरावाला जातो तो त्या बोटींजवळच ट्रायपॉड लावतो. पण उत्तरेकडे कझाकस्तानात २००५ मध्ये कोक-अरालचा बांध पूर्ण झाला, उत्तरेचा भाग अपेक्षेपेक्षा फारच लवकर भरला, खारटपणा उतरला, मासे आले, मासेमारी परत चालू झाली. म्हणजे तुम्ही फक्त बोटी शूट करून आलात तर वीस वर्षं जुनी गोष्ट सांगताय, आणि दक्षिणेचा भाग मेला तेव्हा उत्तरेचा का वाचवता आला हा खरा इंटरेस्टिंग प्रश्न राहूनच गेला. शेवट काय आहे हे जाण्याआधीच ठरवू नका, इतकंच म्हणायचंय.

माणसांशी वागायचं कसं

पहिल्या फेरीत माणसांसमोर शक्यतो कॅमेरा काढूच नका. मला हे पटायला फार वेळ लागला कारण असं वाटतं की आत्ता समोर भारी काहीतरी घडतंय आणि आपण हात बांधून बसलोय. बसा. कामात मदत करता आली तर करा, नाहीतर निदान मधे मधे येऊ नका.

प्रश्न विचारताना "तुम्हाला कसं वाटतं" हा प्रश्न टाळा, त्याला सगळे टीव्हीवर ऐकलेलं उत्तर देतात. त्यापेक्षा कालचा दिवस सकाळपासून सांगायला लावा. "हे जाळं शेवटचं कधी पाण्यात टाकलं", "तो बांध कुठपर्यंत होता, चला दाखवा", "हे घर बांधलं तेव्हा दार इकडे का ठेवलं". हात आणि पाय हलायला लागले की माणूस आठवून बोलतो, खुर्चीत बसवला की भाषण करतो. आणि उत्तर संपल्यावर लगेच पुढचा प्रश्न टाकू नका, पाच-सहा सेकंद गप्प राहा, बऱ्याच वेळा खरं वाक्य तिथे येतं. एडिटलाही ती शांतता उपयोगी पडते.

दरवेळी तोच एक प्रश्न परत विचारायचा ही माझी जुनी सवय आहे. एक आजी होत्या, त्यांना मी तीन वर्षं प्रत्येक फेरीला विचारलं की मुलगा पुढच्या वर्षी इथे असेल का. पहिल्यांदा "असेल की, जाणार कुठे", नंतर "बघू", नंतर "त्याचं त्याला ठरवू दे", आणि शेवटच्या वेळी त्यांनी मलाच विचारलं, तुझी आई कुठे असते? बदल यापेक्षा स्पष्ट मला आजवर कुठे शूट करता आलेला नाही.

आता एक मोठा धोका. "जुनं ते शुद्ध" दाखवायचा मोह फार जबरदस्त असतो आणि तो डॉक्युमेंटरीच्या जन्मापासूनचा आहे. रॉबर्ट फ्लाहर्टी यांची १९२२ ची 'नानूक ऑफ द नॉर्थ' ही फिल्म, कॅनडाच्या आर्क्टिक भागातल्या इनुइट लोकांवरची. तेव्हा ते लोक बंदुकीने शिकार करत होते, पण फिल्ममध्ये त्यांना भाला घेऊन शिकार करायला लावली. बर्फाच्या घरात कॅमेरा मावेना आणि उजेडही पुरेना म्हणून अर्धंच घर बांधलं. नायकाचं नावही खरं नव्हतं, तो होता अल्लाकारिअल्लाक. म्हणजे समोर समाज बदलत होता आणि दिग्दर्शकाने नेमका बदलच फ्रेमबाहेर ठेवला. आपण हसतो, पण मुलाखतीआधी प्लास्टिकची खुर्ची बाजूला करणारे, मागच्या भिंतीवरची डिश झाकणारे, "मोबाईल खिशात ठेवा ना जरा" म्हणणारे आपणच असतो. मीही केलंय. त्या प्लास्टिकच्या खुर्चीत सामाजिक बदल बसलेला असतो, तो हलवू नका.

संमती

फॉर्मवर सही घेतली म्हणजे संमती मिळाली असं वकील म्हणेल, तुम्ही म्हणू नका. लोकांनी पहिल्या वर्षी होकार दिलेला असतो तेव्हा त्यांना माहीत नसतं की तिसऱ्या वर्षी त्यांचं काय होणार आहे. म्हणून प्रत्येक फेरीला परत विचारायचं, त्यांच्या भाषेत, कॅमेऱ्यासमोर, आणि नीट कल्पना देऊन: ही फिल्म तुमच्या शेजाऱ्याने बघितली तर, मालकाने बघितली तर, ज्या अधिकाऱ्याकडे तुमचा अर्ज पडलाय त्याने बघितली तर? एडिट लॉक होईपर्यंत (म्हणजे फिल्मची जुळणी कायमची ठरेपर्यंत) माघार घेता येईल असं स्पष्ट सांगा आणि ती तारीख द्या.

हा नुसता शिष्टाचार नाही. ग्लोबल विटनेस या संस्थेच्या नोंदीप्रमाणे २०२३ मध्ये जगभरात जमीन आणि पर्यावरणासाठी उभे राहिलेले १९६ लोक मारले गेले. तुमच्या फिल्मला टाळ्या पडतील आणि तो माणूस तिथेच राहणार आहे. त्यामुळे चेहरा लपवायचा असेल तर आधीच तसा शूट करा, सावलीत, पाठमोरा, हातांचे क्लोज-अप घेऊन, नंतर ब्लर करू म्हणाल तर मूळ फाईल कुठेतरी पडून राहतेच. फोनच्या फोटोंमधली लोकेशन बंद ठेवा. घराचा नंबर, गाडीची पाटी, मुलांच्या शाळेचा गणवेश फ्रेममध्ये येतोय का ते बघा.

पैसे द्यायचे का यावर दोन पार्ट्या आहेत आणि वाद संपणारा नाही. माझा नियम: बोलण्याचे पैसे नाहीत, कामाचे आणि वस्तूंचे आहेत. बोट घेतली तर बोटीचं भाडं, वाट दाखवायला कोणी दिवस घालवला तर दिवसाची मजुरी, आणि ते सगळ्यांना माहीत असेल असं उघड.

तीच फ्रेम परत परत

आता ज्यासाठी बहुतेक जण वाचत असतील तो भाग. हवाई बेटांवर मौना लोआ डोंगरावर १९५८ पासून हवेतला कार्बन डायऑक्साइड मोजतात. सुरुवातीला आकडा साधारण ३१५ पीपीएम (हवेच्या दहा लाख भागांत ३१५ भाग) होता, २०१३ मध्ये तिथे पहिल्यांदा दिवसाची सरासरी ४०० च्या वर गेली. कुठल्याही एका दिवसाच्या मोजमापाला काही अर्थ नव्हता, जागा आणि पद्धत सोडली नाही म्हणून तो आलेख तयार झाला. तुमची फिल्मही थोडी तशीच करायची आहे.

पहिल्या फेरीत पाच-सहा कायमच्या फ्रेम ठरवा. प्रत्येकीसाठी वहीत लिहा: ट्रायपॉड नेमका कुठे (हलणार नाही अशा दोन वस्तूंपासूनचं अंतर टेपने मोजून), लेन्सची उंची किती, फोकल लेन्थ किती, कॅमेऱ्याची दिशा कुठली, वेळ काय, भरती-ओहोटी किंवा पाण्याची पातळी काय. ट्रायपॉडच्या पायांचा फोनवर फोटो काढा. झूम लेन्स असेल तर मधल्या कुठल्यातरी आकड्यावर ठेवू नका, एका टोकाला न्या, म्हणजे परत तंतोतंत जमतं. पुढच्या वेळी जाताना जुनी फ्रेम प्रिंट करून न्या, फोनवर उन्हात काही दिसत नाही, आणि जवळची एक वस्तू व लांबची एक वस्तू एकमेकांवर जुन्या फोटोसारखी बसेपर्यंत कॅमेरा डावीकडे-उजवीकडे सरकवा. मी पहिल्या वर्षी उंचीच लिहिली नव्हती. दुसऱ्या वर्षी सगळं जुळलं पण क्षितिज हातभर खाली गेलेलं, आणि वर्षभराचा तो बदल जमिनीचा होता की माझ्या ट्रायपॉडचा हे मला आजही ठामपणे सांगता येत नाही.

एक पर्यायी फ्रेमही ठेवा. २०२२ मध्ये मौना लोआचा ज्वालामुखी फुटला, रस्ता आणि वीज दोन्ही तुटली, तेव्हा शेजारच्या मौना केआवर मोजणी सुरू करावी लागली. तुमच्याकडे लाव्हा येणार नाही, पण कोणीतरी नेमकी तुमच्या ट्रायपॉडच्या जागेवर भिंत बांधेल. बांधली तर भिंतही शूट करा, तीही गोष्टच आहे.

टाइमलॅप्सचं (ठरावीक वेळाने काढलेले फोटो जोडून केलेल्या व्हिडिओचं) गणित सोपं आहे पण लोक तिथे जाऊन गोंधळतात. सेकंदाला २५ फ्रेम धरून १० सेकंद हवे तर २५० फोटो. दर ५ सेकंदांनी एक काढला तर साधारण २१ मिनिटं लागतील, ढग-गर्दी-भरतीसाठी ठीक. रोज एक फोटो असा वर्षभर कॅमेरा ठेवला तर हातात येतात जेमतेम साडेचौदा सेकंद, आणि त्यातही धुकं, कोळ्याचं जाळं, लेन्सवर बसलेला पक्षी असे दिवस काढून टाकायचे. म्हणून रोज एकाच तासाच्या आसपास चार-पाच फोटो घ्या आणि नंतर निवडा. एक्सपोजर, फोकस, व्हाइट बॅलन्स सगळं मॅन्युअलवर, नाहीतर चित्र लुकलुकतं.

साध्या शूटिंगचं थोडक्यात: २५ फ्रेमला शटर १/५०, उन्हात एनडी फिल्टर (उजेड कमी करणारी लेन्सवरची काळी काच), आणि जिथे वीज ६० हर्ट्झची आहे तिथे ३० फ्रेम आणि १/६०, नाहीतर ट्यूबलाइट फडफडते. जे ठरवाल ते सगळ्या फेऱ्यांना तेच. ड्रोन असेल तर परवानगी काढा, घरट्यांवरून उडवू नका, आणि एडिटमध्ये ड्रोनचे शॉट अर्धे कमी करा. वरून सगळंच देखणं दिसतं, उद्ध्वस्त झालेलंसुद्धा.

कान उघडे ठेवा

आवाजाला फार कमी लोक पुरावा मानतात. बर्नी क्रॉस हे निसर्गाचे आवाज रेकॉर्ड करणारे गृहस्थ, त्यांनी १९८८ मध्ये कॅलिफोर्नियातल्या सिएरा नेवाडा डोंगरातल्या लिंकन मेडोत रेकॉर्डिंग केलं. मग तिथे लाकूडतोड झाली, सरसकट नाही, मधली मधली झाडं निवडून, त्यामुळे फार नुकसान होणार नाही असं सांगितलं गेलं होतं. वर्षाने ते त्याच जागी परत गेले तर फोटोत माळ होता तसाच दिसत होता, पक्ष्यांचा आवाज मात्र ओसरला होता. कॅमेरा घेऊन गेला असता तर कोणीही "काही झालेलं नाही" म्हणून परत आला असता.

त्यामुळे प्रत्येक कायमच्या फ्रेमजवळ पंधरा मिनिटं नुसता आवाज घ्या. तोच माइक, तीच लेव्हल, तोच तास, शक्यतो पहाटे, आणि माइकवर केसाळ वाऱ्याची टोपी. सुरुवातीला तारीख आणि जागा बोला आणि मग तुम्ही आणि तुमची टीम हलू नका, पोटात गुरगुरलं तरी रेकॉर्ड होतं. मुलाखतीला कॉलर माइक आणि वरून एक शॉटगन (समोरचाच आवाज पकडणारा लांब माइक) असे दोन्ही, ४८ किलोहर्ट्झ, सगळ्यात मोठा आवाज मीटरवर उणे १२ डेसिबलच्या आसपास. मुलाखत संपल्यावर त्याच खोलीचा मिनिटभर रिकामा आवाज. चित्र थोडं हललं तर लोक चालवून घेतात, शब्द कळले नाहीत तर उठून जातात.

फुटेज सांभाळणं

फ्लाहर्टींचा दुसरा किस्सा. 'नानूक'च्या आधी त्यांनी आर्क्टिकमध्येच आधीच्या फेऱ्यांत शूट केलं होतं, आणि १९१६ मध्ये टोरांटोत एडिट करताना हातातली सिगारेट पडली आणि साधारण ३०,००० फूट निगेटिव्ह जळून गेली. मग परत जाऊन नव्याने शूट केलं. तुम्हाला परत जाऊन मागचं वर्ष शूट करता येणार नाही.

सेकंदाला १०० मेगाबिटवर एक तासाचं फुटेज ४५ जीबी होतं, त्यावरून डिस्कचा हिशोब करा. तीन कॉपी, दोन वेगळ्या प्रकारच्या साधनांवर, त्यातली एक वेगळ्या पत्त्यावर. दोन्ही डिस्क एकाच बॅगेत ठेवून प्रवास केला तर ती एकच कॉपी समजा. कॉपी झाली का हे नुसतं फोल्डर उघडून बघू नका, चेकसम (मूळ आणि कॉपी तंतोतंत सारखी आहे का हे सांगणारा आकडा) तपासणारं सॉफ्टवेअर वापरा, आणि दोन जागी कॉपी झाल्याशिवाय कार्ड पुसू नका. फाईलच्या नावात आधी वर्ष-महिना-दिवस, मग फ्रेमचा नंबर. तीन वर्षांनी "फायनल नवीन २" या फोल्डरमध्ये काय आहे ते तुमच्या देवालाही माहीत नसणार.

एडिट

सगळ्या मुलाखती टाइप करून घ्या, कंटाळवाणं काम आहे, दुसऱ्याला देऊ नका, कारण टाइप करतानाच कळतं की कोण काय टाळतंय. मग वाक्यं कापून कागदावर फिल्म जुळवा आणि त्यानंतरच टाइमलाइन उघडा.

पहिला कट काळाच्या क्रमाने लावा. त्यात फिल्म रटाळ वाटेल, पण बदल नेमका कुठे घडला ते दिसेल, आणि बहुतेक वेळा तो तुम्ही ठरवला होता तिथे नसतो. नंतर क्रम मोडायचा तर मोडा, फक्त मार्चचा शॉट ऑगस्टच्या वाक्याखाली टाकायचा नाही. कायमच्या फ्रेम जिथे येतील तिथे पडद्यावर महिना आणि वर्ष लिहा. दोन फ्रेम एकमेकांत विरघळवण्यापेक्षा सरळ कट मारा, एकेक फ्रेम सात-आठ सेकंद राहू द्या, बघणारा स्वतः फरक शोधतो आणि स्वतः शोधलेलं त्याला पटतं. दुःखी पियानो काढून टाका. आधी एकदा फक्त जागेच्या आवाजावर फिल्म बघा आणि मग ठरवा संगीत लागतंय का.

फिल्ममधला प्रत्येक आकडा आणि प्रत्येक "यामुळे ते झालं" असं वाक्य वेगळ्या तक्त्यात उतरवा, समोर पुरावा लिहा. समोरचा रकाना रिकामा राहिला तर वाक्य काढा, किंवा ते ज्याचं मत आहे त्याच्या तोंडीच ठेवा. पैसे देणाऱ्याशी, मग ती संस्था कितीही चांगल्या कामाची असो, शेवटचा कट कोणाच्या हातात हे सुरुवातीलाच लेखी करा. मी एकदा तोंडी भरवशावर राहिले आणि फिल्मची शेवटची बारा मिनिटं त्यांच्या कामाची जाहिरात झाली.

आधी त्यांना दाखवा

रफ कट, म्हणजे फिल्मचा कच्चा मसुदा, तयार झाला की कुठल्याही फेस्टिव्हलच्या आधी तो घेऊन परत जा. आधी ज्याच्या-त्याच्या घरी, ज्याचा भाग जास्त आहे त्याला एकट्याला, कारण चारचौघांत कोणी सांगत नाही की हे वाक्य काढ म्हणून. मग सगळ्यांसमोर. नावं, नाती, वर्षं, जागांचे उच्चार यातल्या चुका तिथेच सापडतात, आणि कधी कधी कोणीतरी उठून म्हणतो की हे असं झालंच नाही. तेव्हा वाद घालू नका, रेकॉर्डर चालू करा.

बाहेर पडदा लावणार असाल तर त्या दिवशी अंधार किती वाजता पडतो ते बघून वेळ सांगा, स्पीकर दोन आणा, जुन्या फोटोंच्या स्वच्छ कॉपी ज्यांच्या त्यांना पाकिटात घालून द्या. आणि दुसऱ्या दिवशी सकाळी निघायच्या आधी पहिल्या नंबरच्या फ्रेमजवळ ट्रायपॉड लावा, फिल्म संपली असली तरी.